नस म्हणजे नेमके काय? शिराळ्याचा नाग आणि मिरजेचा हात

#धागा #इतिहास

१९४९ पूर्वीचा सातारा जिल्हा आजच्यापेक्षा बराच मोठा होता. संस्थाने विलीन झाल्यावर त्याचे दोन भाग झाले आणि दक्षिणेकडील तालुके व पटवर्धनांची सांगली-मिरज मिळून ‘दक्षिण सातारा’ नावाचा जिल्हा अस्तित्वात आला. १९६० साली त्याचे नाव सांगली झाले. या जुन्या, एकसंध मुलखात दोन गावे अशी आहेत की, माणसाच्या शरीरातील चेतातंतूंची रचना समजून घ्यायला दुसरीकडे जाण्याची गरज पडू नये. एक मोरणेकाठचे बत्तीस शिराळा, दुसरे मिरज. पहिल्या गावाची ओळख नागामुळे. दुसऱ्याची ओळख रुग्णालयामुळे आणि सतारीमुळे.

आधी शब्दाचा घोळ मिटवावा लागेल. मराठी माणूस ‘नस’ हा शब्द दोन अगदी भिन्न गोष्टींसाठी वापरतो. ‘मनगटाची नस कापली’ म्हणताना त्याच्या मनात रक्तवाहिनी असते. ‘कमरेत नस दबली’ म्हणताना चेतातंतू. जुन्या पुस्तकांत ‘मज्जातंतू’ सापडतो, शाळेच्या पुस्तकांत ‘चेता’, तर सातारा जिल्ह्यातल्याच वाईत सिद्ध झालेल्या मराठी विश्वकोशाने ‘तंत्रिका’ पत्करला. एवढे शब्द असूनही बोलीत ‘नस’च टिकली, हे कोशकारांचे दुर्दैव. मात्र त्याच बोलीने एक भेद फार पूर्वी अचूक टिपला आहे. हात ‘बधिर’ होणे वेगळे आणि हात ‘लुळा’ पडणे वेगळे. बधिर हात हलतो, पण त्याला कळत नाही. लुळ्या हाताला कळते, पण तो हलत नाही. युरोपातल्या शास्त्राला हा भेद सिद्ध करायला दोन हजार वर्षे लागली.

इ. स. पूर्व तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियामध्ये हेरोफिलस आणि एरासिस्ट्रॅटस यांनी मानवी देहाचे विच्छेदन केले आणि संवेदनेच्या व हालचालीच्या नसा निरनिराळ्या असल्याचे प्रतिपादन केले. पुढे दुसऱ्या शतकात रोममध्ये गेलन या वैद्याकडे पॉसेनियस नावाचा एक पंडित आला. त्याच्या करंगळीची, अनामिकेची आणि मधल्या बोटाच्या अर्ध्या भागाची संवेदना गेली होती, पण बोटे हलत होती. इतर वैद्य बोटांनाच लेप लावत बसले होते. गेलनने विचारपूस केली तेव्हा कळले की तो पूर्वी रथातून पडला होता आणि पाठीच्या वरच्या भागाला मार लागला होता. गेलनने औषध बोटांवरून काढून पाठीच्या कण्यावर लावले. औषध काय होते हा प्रश्न सोडून द्यावा. दुखणे एकीकडे आणि त्याचे मूळ दुसरीकडे असू शकते, हे त्याने ओळखले, हे महत्त्वाचे. पॉसेनियसची ती दोन-अडीच बोटे लक्षात ठेवावीत. मिरजेत ती पुन्हा भेटणार आहेत.

निर्णायक पुरावा एकोणिसाव्या शतकात आला. पाठीच्या कण्यातून मेरुरज्जूच्या चेतांच्या ३१ जोड्या बाहेर पडतात. प्रत्येक चेतेची मुळे दोन : एक पुढच्या बाजूचे, एक मागच्या बाजूचे. स्कॉटिश शरीरविच्छेदक चार्ल्स बेल याने १८११ साली मित्रांपुरत्या छापलेल्या पुस्तिकेत पुढच्या मुळाचा हालचालीशी संबंध असल्याचे सुचवले. १८२२ मध्ये पॅरिसच्या फ्रान्स्वा माजंदी याने कुत्र्याच्या पिल्लांवर प्रयोग करून गोष्ट स्पष्ट केली : मागचे मूळ कापले तर संवेदना जाते, पुढचे कापले तर हालचाल जाते. श्रेय कोणाचे यावरून दोघांत आणि त्यांच्या शिष्यांत दीर्घकाळ कडवट भांडण झाले. अखेर इतिहासाने दोघांची नावे जोडून नियमाला दिली. माजंदीचे प्रयोग इतके क्रूर होते की, इंग्लंडमध्ये प्राण्यांवरील प्रयोगांविरुद्ध जे लोकमत पुढे तयार झाले, त्यात त्याच्या नावाचा वाटा मोठा होता.

रचना अशी आहे. त्वचेतून, स्नायूतून, सांध्यातून वार्ता आणणारे संवेदी तंतू मागच्या मुळाने मेरुरज्जूत शिरतात. त्यांच्या पेशी मेरुरज्जूच्या बाहेर, मुळावरच्या एका छोट्या गाठीत असतात. स्नायूला हुकूम नेणाऱ्या प्रेरक तंतूंच्या पेशी मेरुरज्जूच्या आत, पुढच्या बाजूला असतात आणि त्यांचे तंतू पुढच्या मुळाने बाहेर येतात. बाहेर येताच दोन्ही मुळे एकत्र होतात. म्हणजे कण्यापाशी जे वेगळे असते, तेच हातापायांत एका दोरीत वळले जाते. कोपर आपटल्यावर करंगळीपर्यंत झिणझिण्या जातात, ती ‘अल्नर’ चेता अशीच मिश्र दोरी आहे : तिच्यात करंगळीची संवेदना आहे आणि पंजाच्या बारीक स्नायूंची हालचालही. या दोरीतले सगळे धागे सारखे नसतात. मेदाच्या जाड आवरणाचे तंतू सेकंदाला ७० ते १२० मीटर वेगाने वार्ता नेतात. वेदनेचे आणि उष्णतेचे काही बारीक, आवरणहीन तंतू सेकंदाला जेमतेम मीटरभर. ठेच लागल्यावर आधी ‘लागले’ हे कळते आणि क्षणभराने कळ उठते, त्याचे कारण हेच.

आता शिराळ्याकडे.

नागपंचमीला जिवंत नागाची पूजा करण्याची प्रथा शिराळ्यात कशी सुरू झाली, याची कथा गोरक्षनाथांशी जोडली जाते. भिक्षेला आलेल्या नाथांना थांबावे लागले, कारण घरातील गृहिणी मातीच्या नागाची पूजा करत होती. ‘जिवंत नाग पुजशील का?’ असा प्रश्न त्यांनी केला, आणि तेव्हापासून प्रथा पडली, असे सांगतात. पंचमीच्या आधी काही दिवस गावातले जाणते लोक शेतांतून नाग शोधून आणत, मडक्यांत ठेवत, पूजा-मिरवणूक झाली की पकडल्या जागी सोडून देत. पुढे जत्रेचे रूप पालटले, गर्दी व स्पर्धा वाढल्या. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचा आधार घेऊन मुंबई उच्च न्यायालयाने या शतकाच्या आरंभी निर्बंध घातले. शिराळकरांची नाराजी समजण्याजोगी आहे : ज्या गावाने नागाला मारण्याऐवजी पुजले, त्यालाच नागाचा शत्रू ठरवले गेले, अशी त्यांची भावना आहे. दुसऱ्या बाजूला मडक्यात आणि मिरवणुकीत नागाचे हाल होतात, हेही खरे. हा वाद या धाग्यात सुटणारा नाही.

धाग्याचा विषय नागाचा दंश झाल्यावर देहात काय घडते, हा आहे.

नागाच्या विषातील मुख्य घातक द्रव्य मेंदूवर हल्ला करत नाही. ते मेरुरज्जूलाही शिवत नाही. एवढेच काय, चेतातंतू स्वतः शाबूत राहतो. प्रेरक तंतू जिथे स्नायूला भेटतो तिथे दोघांमध्ये एक अतिसूक्ष्म फट असते. तंतूच्या टोकातून ‘ॲसिटिलकोलीन’ नावाचे रसायन त्या फटीत सोडले जाते, ते पलीकडच्या स्नायूवरील ग्राहकांना चिकटते आणि स्नायू आकुंचन पावतो. नागाचे विष नेमके त्या ग्राहकांवर जाऊन बसते. कुलपात दुसरीच किल्ली अडकावी तसे. हुकूम सुटतो, फटीपर्यंत पोचतो आणि तिथेच विरतो. संवेदी तंतूंच्या वाटेत अशी फट स्नायूपाशी नसल्यामुळे त्यांना काही होत नाही.

म्हणून नागदंशाचा क्रम ठरलेला असतो. दंशाच्या जागी वेदना व सूज. मग पापण्या जड होऊन खाली उतरतात. जुन्या लोकांनी याला ‘विषाची झोप’ मानले आणि रोग्याला जागे ठेवण्यासाठी मारझोड केली. ती झोप नसते. डोळ्यांचे आणि पापण्यांचे स्नायू सर्वांत आधी हरतात, इतकेच. त्यानंतर एकाच्या दोन वस्तू दिसणे, जीभ जड होणे, थुंकी गिळता न येणे, मान सावरता न येणे, आणि शेवटी छातीचे व श्वासपटलाचे स्नायू. हृदय मात्र चालू राहते, कारण त्याचे स्पंदन प्रेरक चेतांच्या हुकुमावर अवलंबून नाही.

या सर्व काळात श्वास पुरेसा आहे तोवर माणूस शुद्धीवर असतो. त्याला ऐकू येते, स्पर्श कळतो, आजूबाजूचे रडणे कळते. फक्त तो डोळा उघडू शकत नाही आणि बोलू शकत नाही. फ्रेंच शास्त्रज्ञ क्लोद बर्नार याने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर ‘कुरारे’ या दक्षिण अमेरिकी बाणविषाचा असाच परिणाम बेडकावर दाखवला होता. बेडकाच्या एका पायाला रक्त जाऊ नये म्हणून त्याने दोरी बांधली आणि मग विष दिले. सारा देह निश्चल झाला. पण निश्चल भागाला चिमटा काढला की बांधलेला, विष न पोचलेला पाय आखडे. म्हणजे मेल्यासारख्या पडलेल्या देहातून वेदनेची वार्ता मेरुरज्जूपर्यंत बिनचूक जात होती. माजंदीचा हा शिष्य. गुरूने जे सुरीने वेगळे केले, ते त्याने विषाने वेगळे करून दाखवले.

मण्यार या बाबतीत नागापेक्षाही फसवी. तिचे दात बारीक, दंशाच्या जागी सूज जवळजवळ नाही, आणि ती रात्री वावरते. पावसाळ्यात जमिनीवर अंथरूण टाकून झोपलेल्याला दंश झाल्याचे कळतही नाही. पहाटे पोटात कळा येतात आणि सकाळी डोळे उघडत नाहीत. तिच्या विषातील एक घटक फटीच्या पलीकडे नाही, तर अलीकडे, खुद्द तंतूच्या टोकावर घाव घालतो. टोक नष्ट झाले की प्रतिविषाने ते परत येत नाही. नवे टोक फुटेपर्यंत, म्हणजे कित्येक दिवस, यंत्राने श्वास द्यावा लागतो. अशा रोग्याच्या बाहुल्या विस्फारून स्थिर होऊ शकतात. ज्या खुणांवरून मेंदू मृत ठरवायचा, त्यांतल्या बऱ्याचशा येथे दिसतात आणि मेंदू मात्र धडधाकट असतो. सर्पदंश झालेल्याला मृत मानण्याची घाई किती वेळा झाली असेल, याची मोजदाद कोणाकडे नाही. सर्पदंशाने मेलेल्यांना न जाळता नदीत सोडण्याची रूढी देशाच्या अनेक भागांत होती. त्यामागे ‘हा परत येऊ शकतो’ ही अंधुक जाणीव असावी, असा तर्क करता येतो. श्वास देण्याचे साधन नसताना ती जाणीव निरुपयोगीच होती.

प्रतिविषाचा जन्म फ्रेंच वैद्य आल्बेर काल्मेत याच्या १८९० च्या दशकातील कामातून झाला. मुंबईत १८९९ साली परळला प्लेगसाठी उघडलेल्या प्रयोगशाळेचे १९२५ मध्ये ‘हाफकिन इन्स्टिट्यूट’ असे नामकरण झाले आणि पुढे नाग, मण्यार, घोणस व फुरसे या चौघांवर चालणारे, घोड्याच्या रक्तापासून केलेले प्रतिविष तेथून महाराष्ट्रभर जाऊ लागले. तरीही देशात सर्पदंशाने दरवर्षी सुमारे ५८,००० माणसे मरत असावीत, असा अंदाज २००० ते २०१९ या काळाच्या अभ्यासातून पुढे आला. त्यातले बहुतेक मृत्यू खेड्यांतले, पावसाळ्यातले. औषध असते शहरात आणि साप असतो बांधावर.

या विषाने शास्त्रावर एक उपकारही केला. १९६३ साली तैवानच्या चँग आणि ली यांनी तिथल्या मण्यारीच्या विषातून एक द्रव्य वेगळे केले, जे स्नायूवरील त्या ग्राहकांना घट्ट चिकटते. त्याचा गळासारखा उपयोग करून पुढच्या दशकात ग्राहक वेगळे काढता आले. त्यातूनच ‘मायस्थेनिया’ या आजाराचा उलगडा झाला, ज्यात देह स्वतःच आपल्या ग्राहकांवर उलटतो आणि रोग्याच्या पापण्या साप न चावताही उतरतात.

नाग हालचाल हिरावतो आणि संवेदना ठेवतो. मिरजेच्या कथेत याच्या उलट घडते, निदान सुरुवातीला.

विल्यम वॉनलेस हा कॅनडात जन्मलेला डॉक्टर अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनतर्फे १८८९ मध्ये भारतात आला. आधी सांगलीत दवाखाना, मग मिरज. १८९४ मध्ये मिरजेत रुग्णालय उभे राहिले आणि पुढच्या तीन दशकांत दक्षिण महाराष्ट्र व कर्नाटकातून मोतीबिंदू, मुतखडे, गाठी घेऊन माणसे रेल्वेने मिरजेला येऊ लागली. वॉनलेस यांना १९२८ मध्ये ‘सर’ हा किताब मिळाला. रुग्णालयाभोवती वैद्यकीय शिक्षण उभे राहिले. १९६२ साली सरकारी वैद्यकीय महाविद्यालयही मिरजेतच आले. मिशनच्या याच कामाच्या परिसरात कुष्ठरोग्यांसाठी वेगळी व्यवस्था झाली. रिचर्डसन कुष्ठरोग रुग्णालय हे तिचे नाव.

कुष्ठरोगाला मराठीत महारोग म्हणत, रक्तपिती म्हणत. दोन्ही नावांत भय आहे, निदान नाही. निदानाच्या जवळ जाणारे वर्णन त्याहून पुष्कळ जुने आहे : सुश्रुतसंहितेत त्वचेत स्थिर झालेल्या कुष्ठाच्या लक्षणांत ‘स्पर्शहानी’ सांगितली आहे. १८७३ मध्ये नॉर्वेच्या गेऱ्हार्ड हॅन्सन याने रोगाचा जंतू शोधला. तो जंतू अतिशय संथ आहे, त्याला दुप्पट व्हायला बारा-चौदा दिवस लागतात. त्याला देहाचे थंड भाग मानवतात. आणि देहातल्या सर्व घरांतून तो निवडतो ते चेतातंतूंचे आवरण करणाऱ्या पेशींचे घर.

या एका निवडीत रोगाचा सारा इतिहास सामावला आहे. चेता जिथे त्वचेच्या लगत, थंड जागी येते, तिथे ती सुजते : कोपराच्या आतल्या बाजूला, मनगटाशी, गुडघ्याच्या बाहेरच्या अंगाला, घोट्यामागे, गालाच्या हाडावर. आधी बारीक तंतू जातात. चटका कळेनासा होतो, मग टोचणे, मग स्पर्श. फिकट चट्टा दिसतो, तो खाजत नाही, दुखत नाही. म्हणून कोणी वैद्याकडे जात नाही. कोपराच्या चेतेतले प्रेरक तंतू गेले की पंजाचे बारीक स्नायू वाळतात आणि करंगळी व अनामिका आत वळून बसतात. पॉसेनियसची तीच बोटे. त्याचे संवेदी तंतू गेले होते, प्रेरक वाचले होते. इथे दोन्ही एका दोरीत असल्याने दोन्ही जातात.

गळून पडणारी बोटे हे या रोगाचे लोकमानसातले चित्र. मांस सडते, म्हणून बोटे झडतात, अशी समजूत डॉक्टरांतही होती. तामिळनाडूच्या कोल्ली डोंगरात जन्मलेला शल्यविशारद पॉल ब्रँड १९४७ च्या सुमारास वेल्लोरहून चेंगलपट्टूच्या कुष्ठरुग्णालयात गेला, तेव्हा त्याला काही निराळेच दिसले. वाकड्या बोटांच्या रोग्याशी हात मिळवताना त्याची पकड विलक्षण घट्ट लागली. पंजा निकामी, पण दंडापासून निघणारे पुष्कळ स्नायू शाबूत! पुढे एकदा गंजलेल्या कुलपात किल्ली फिरेना, तेव्हा एका लहान रोग्याने ती सहज फिरवली. आणि ब्रँडने पाहिले तो मुलाचे बोट हाडापर्यंत चिरले होते. मुलाला पत्ता नव्हता. वेदना ‘थांब’ म्हणते म्हणून इतरांची किल्ली अडते. बोटे रोगाने झडत नव्हती. ती चुलीवर भाजत होती, खिळ्यावर फाटत होती, पायातल्या खड्याने झिजत होती, रात्री उंदीर कुरतडत होते.

‘सडते’ आणि ‘झिजते’ यांतला फरक केवळ वैद्यकीय नाही. सडणाऱ्या माणसाला गावाबाहेर काढतात. झिजणाऱ्याला चप्पल देता येते. वेल्लोरमध्ये मऊ सच्छिद्र रबराच्या तळाची चप्पल तयार झाली आणि ती पुढे कुष्ठसेवेच्या प्रत्येक केंद्रात पोचली.

हातासाठी दुसरा उपाय निघाला. मनगट मागे वळवणाऱ्या स्नायूंपैकी एक मोकळा करून त्याचे टोक लांबवायचे, पंजातून नेऊन बोटांना जोडायचे. ज्या चेतेवर तो स्नायू चालतो ती वाचलेली असल्याने हुकूम पोचतो. शस्त्रक्रियेनंतर रोग्याला नव्याने शिकावे लागते : मनगट उचलायचा विचार करायचा आणि बोटे सरळ होताना पाहायची. काही आठवड्यांत मेंदू जुना पत्ता विसरून नवा पत्ता पाठ करतो. महाराष्ट्रात हे काम रुजवणाऱ्यांत डॉ. नोशीर अँटिया अग्रभागी. १९२२ मध्ये हुबळीत जन्म, इंग्लंडमध्ये हॅरॉल्ड गिलिज यांच्याकडे शिक्षण, मग पुण्याजवळ कोंढव्याच्या कुष्ठरुग्णालयात आणि मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात काम. त्याआधी मुंबईतच विकृतिशास्त्रज्ञ वसंत रामजी खानोलकर यांनी अगदी सुरुवातीच्या चट्ट्यांचे नमुने सूक्ष्मदर्शकाखाली पाहून जंतू त्वचेतील बारीक चेतांतच प्रथम सापडतात, हे दाखवले होते. सूज दिसण्याच्या पुष्कळ आधी.

इथे बेल-माजंदींच्या नियमाची दुसरी बाजू दिसते. प्रेरक तंतू गेला तर शेजारचा स्नायू उसना घेता येतो. संवेदना उसनी घेता येत नाही. वाकडी बोटे सरळ झालेला माणूस पेला धरू शकतो, पण पेला गरम आहे की नाही हे त्याला डोळ्यांनीच, वाफेवरून, ओळखावे लागते. म्हणून कुष्ठरुग्णालयात रोज सकाळी हातापायांची तपासणी डोळ्यांनी करायला शिकवतात. ज्या मिरजेत सतारीच्या कारागिरांच्या पिढ्या भोपळ्याची जाडी बोटाने चाचपून ठरवतात, त्याच गावातले हे दुसरे शिक्षण.

डोळ्याची गोष्ट अधिकच अवघड. चेहऱ्याच्या चेतेतला प्रेरक तंतू गेला की पापणी मिटत नाही. बुबुळाची संवेदना मात्र वेगळ्याच चेतेकडून येते. तीही गेली की धूळ गेलेली कळत नाही. एक गेली असती तर दुसरीने सांभाळून घेतले असते. दोन्ही गेल्यावर डोळा उघडा आणि बेसावध राहतो, आणि दृष्टी जाते. नागदंशात मिटलेली पापणी उघडत नाही, कुष्ठात उघडी पापणी मिटत नाही.

१९८० च्या दशकात अनेक औषधे एकत्र देण्याचे उपचार आले आणि जंतू मारणे सोपे झाले. डिसेंबर २००५ मध्ये भारताने दर दहा हजारांत एकापेक्षा कमी रुग्ण हे उद्दिष्ट गाठल्याचे जाहीर केले. ‘निर्मूलन’ हा शब्द वापरला गेला आणि लोकांनी तो शब्दशः घेतला. आजही देशात दरवर्षी लाखाच्या आसपास नवे रुग्ण सापडतात. जंतू मेला तरी मेलेला तंतू जागा होत नाही. शिवाय मेलेल्या जंतूंवरही देहाची प्रतिकारशक्ती तुटून पडते आणि त्या झटापटीत उरलेली चेता चेंगरते. नवा बधिरपणा किंवा कमजोरी आल्यापासून सहा महिन्यांच्या आत स्टेरॉइड मिळाले, तर पुष्कळदा ती वाचते. त्यानंतर शक्यता झपाट्याने घटते.

एक तिसरी चेतासंस्था या कथेत राहून गेली. ती ना जाणवते, ना आज्ञा मानते : घाम, नाडी, रक्तदाब चालवणारी स्वायत्त संस्था. महाबळेश्वराखालचा घाट उतरला की महाड. तेथील बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात १९७६ पासून डॉ. हिम्मतराव बावस्कर यांनी लाल विंचवाने चावलेली मुले पाहिली. वेदना थोडी, पण घामाने भिजलेली, हात-पाय गार, फुफ्फुसात पाणी. विंचवाचे विष स्वायत्त चेतांना थांबवत नाही, त्यांना पिसाटून सोडते. रक्तवाहिन्या आवळल्या जातात आणि हृदय थकून हरते. रक्तदाबावरचे साधे, स्वस्त ‘प्राझोसिन’ उपयोगी पडते, हे त्यांनी १९८६ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये मांडले, मृत्यूचे प्रमाण तिशी-चाळिशीच्या टक्केवारीवरून अगदी थोड्यावर आले. सातारा-सांगलीच्या माळावर हाच विंचू आहे.

चट्टा तपासायला यंत्र लागत नाही. रोग्याला डोळे मिटायला सांगतात, बॉलपेनच्या टोकाने त्वचेला हलकेच स्पर्श करतात आणि जिथे लागले तिथे बोट ठेवायला सांगतात. नागदंशाच्या रोग्याची तपासणीही तितकीच साधी : वर बघ, जीभ बाहेर काढ, मान उशीवरून उचल, एका श्वासात आकडे मोज. आकडे कमी होत गेले तर श्वासाचे स्नायू हरत आहेत. पुढे आवाजही बंद पडतो आणि रोगी यंत्रावर जातो, तेव्हा जाणत्या परिचारिका त्याच्या उशाशी दुसऱ्या रोग्यांविषयी, वाईट बातम्यांविषयी बोलत नाहीत. सुई टोचण्याआधी ‘आता थोडे दुखेल हं’ असे त्याला सांगतात.